हाताच्या टप्प्यातलं दिसणं: ‘तुरीया’ बोटीवरच्या सुटकेचा अभ्यास

बोट उलटली. डोलकाठी मोडली. पाठीला गंभीर दुखापत. उठता येत नाही.

२१ सप्टेंबर २०१८ ला दक्षिण हिंदी महासागरातून निघालेल्या इंग्रजी संदेशाचा अर्थ एवढाच. पाठवणारे होते भारतीय नौदलाचे कमांडर अभिलाष टॉमी. ३२ फुटी बोटीत एकटे. ऑस्ट्रेलियातलं पर्थ तिथून सुमारे १,९०० सागरी मैलांवर. वारा ७० नॉटचा (ताशी सुमारे १३० किलोमीटर), लाटा चौदा मीटरपर्यंत, म्हणजे चार-साडेचार मजली इमारती एकामागून एक चालून याव्यात तशा. त्यानंतर साधारण तीन दिवसांनी, २४ सप्टेंबरला, एका फ्रेंच जहाजाच्या माणसांनी त्यांना स्ट्रेचरवर घेतलं. शुद्धीवर होते, बोलत होते.

या सुटकेच्या बातम्या तेव्हा भरपूर आल्या. त्यांत शौर्य होतं, तीन देशांच्या जहाजांची धावपळ होती, आणि ते सगळं खरंच होतं. मला मात्र हे प्रकरण वेगळ्या कारणासाठी पुन्हा पुन्हा उघडावंसं वाटतं. मी हौशी मंडळींना शिडाच्या होड्या शिकवतो. ‘संकटात शोधणाऱ्याला दिसायचं कसं?’ असं विचारलं की दहातले नऊ जण रंगाबद्दल बोलतात. भडक नारिंगी जॅकेट, पिवळी टोपी, चमकणाऱ्या पट्ट्या. टॉमी या तीन दिवसांत बहुतेक काळ बोटीच्या पोटात, बिछान्यावर पडून होते. त्यांनी अंगात कुठला रंग घातला होता याने काडीचा फरक पडला नसता. तरी ते दिसले. कोणाला, कसे आणि कुठल्या क्रमाने, तेवढंच इथे तपासायचं आहे.

बोट आणि शर्यत

आधी बोटीचं नाव. इंग्रजी स्पेलिंग पाहून आपल्याकडे बऱ्याच ठिकाणी ‘थुरिया’ छापलं गेलं. मल्याळी माणूस ‘त’ साठी इंग्रजीत टी-एच लिहितो; नाव आहे तुरीया, जागृती-स्वप्न-सुषुप्तीच्या पलीकडची चौथी अवस्था. बोट बांधली गोव्यात, दिवाडी बेटावर, रत्नाकर दांडेकरांच्या ॲक्वेरियस शिपयार्डमध्ये. याच यार्डातल्या ‘म्हादेई’वरून कॅप्टन दिलीप दोंदे यांनी २००९-१० मध्ये एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा केली, आणि २०१२-१३ मध्ये टॉमींनी तीच प्रदक्षिणा कुठेही न थांबता पूर्ण केली.

‘तुरीया’ ही ‘सुहेली’ची प्रतिकृती. ‘सुहेली’ मूळची मुंबईत बांधलेली. तिच्यातून रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन यांनी १९६८-६९ मध्ये पहिली विनाथांबा एकल प्रदक्षिणा केली होती. त्या शर्यतीला पन्नास वर्षं झाली म्हणून २०१८ ची गोल्डन ग्लोब शर्यत मुद्दाम जुन्या पद्धतीने ठेवली: जीपीएस नाही, कागदी नकाशे, सेक्स्टंट लावून सूर्य-तारे बघायचे, बोटी जुन्या घडणीच्या. १ जुलैला फ्रान्सच्या ले साब्ल-दोलोनहून सगळे निघाले. अपघात झाला तेव्हा टॉमी तिसऱ्या क्रमांकावर होते.

इथे एक गंमत आहे, आणि अभ्यासाच्या दृष्टीने तीच महत्त्वाची. आपण नेमके कुठे आहोत हे बोटीतल्या माणसाला आकडेमोड करून काढावं लागत होतं, आणि ढग असले तर तेही नाही. पण प्रत्येक बोटीवर उपग्रहाशी जोडलेला ट्रॅकर होता. त्यामुळे ती बोट कुठे आहे हे पुण्यात चहा पीत बसलेला कोणीही नकाशावर पाहू शकत होता. जीपीएस होतं, पण सीलबंद डब्यात, संकटासाठी. म्हणजे आयोजकांनी जुनेपणा ठेवला तो दर्यावर्दीच्या डोळ्यांपुरता. त्याच्याकडे बघणाऱ्यांचे डोळे २०१८ चेच होते.

१९६८ मध्ये तसं नव्हतं. नॉक्स-जॉन्स्टन यांचा रेडिओ बंद पडला आणि न्यूझीलंड सोडल्यानंतर कित्येक महिने त्यांचा पत्ता नव्हता. याच शर्यतीत डोनाल्ड क्रोहर्स्ट यांनी खोटी स्थानं कळवली, आणि ती बराच काळ खपली. कुणी बघतच नसेल तर माणूस हरवतो आणि खोटंही चालतं.

पहिला डोळा: आकाशातला

टॉमींनी ईपीआयआरबी (संकटात उपग्रहाला हाक मारणारं यंत्र) चालू केला. नाव अवघड असलं तरी वस्तू साधी आहे: पाण्याच्या लिटरभर बाटलीएवढी, बहुधा पिवळी, वर अँटेना, मधे झाकलेला सरकता खटका. झाकण मुद्दाम घट्ट असतं. धक्का लागून चालू झाला तर अर्ध्या जगाची झोप उडते. खटका सरकवला की तो ४०६ मेगाहर्ट्झवर दर पन्नासएक सेकंदांनी अर्ध्या सेकंदाची एक हाक मारतो. कॉस्पास-सारसॅट या आंतरराष्ट्रीय व्यवस्थेचे उपग्रह ती झेलतात आणि जमिनीवरच्या केंद्राला देतात. भारताचं असं केंद्र बंगळुरूत इस्रोकडे आहे. हाकेत एक ओळखक्रमांक असतो. तो नोंदवलेला असेल तर बोट कोणाची, रंग कोणता, घरचा फोन कोणता, हे शोधकेंद्राच्या पडद्यावर लगेच येतं.

नोंदवलेला असेल तर. हे वाक्य मी वर्गात दोनदा म्हणतो. सेकंडहॅंड बोट घेताना पंखे, बॅटऱ्या, शिडं मोजून घेणारी माणसं या नोंदीत जुन्या मालकाचाच फोन ठेवतात. मग मध्यरात्री फोन वाजतो तो बोट विकून मोकळ्या झालेल्या गृहस्थाकडे.

जीपीएस असलेला ईपीआयआरबी आपली जागा शंभरेक मीटरपर्यंत सांगतो. नसेल तर उपग्रहाच्या हालचालीमुळे आवाजात पडणाऱ्या फरकावरून जागा काढतात, आणि तेव्हा चूक काही किलोमीटरची असू शकते. म्हणून त्याच यंत्रात १२१.५ मेगाहर्ट्झची दुसरी, बारीक हाक असते. ती उपग्रहासाठी नाही. २००९ च्या फेब्रुवारीपासून उपग्रहांनी ती ऐकणं सोडलंय. ती जवळ आलेल्या विमानासाठी किंवा जहाजासाठी. वास घेत यावं तसं विमान तिच्या दिशेने येतं. बॅटरी किमान ४८ तास टिकली पाहिजे असा नियम आहे. कमरेला बांधायच्या छोट्या वैयक्तिक संकटयंत्राची, म्हणजे पीएलबीची, निम्मी, २४ तास.

टॉमींची सुटका साधारण सत्तर तासांनी झाली. त्यामुळे पहिल्या ४८ तासांत त्यांच्याकडे नुसतं बघणं पुरेसं नव्हतं. बॅटरी संपायच्या आत त्यांची जागा दुसऱ्या, तिसऱ्या डोळ्याच्या हवाली करायला हवी होती. आणि तसंच झालं.

दोन हातांवरची पिशवी

या प्रकरणातला माझ्या मते सगळ्यात शिकण्याजोगा तपशील एका पिशवीचा आहे.

दूरच्या सफरीवर निघणारा प्रत्येक जण एक ‘ग्रॅब बॅग’ भरून ठेवतो. बोट सोडायची वेळ आली तर ती उचलायची आणि तराफ्यात उडी मारायची. तिच्यात दुसरा उपग्रह फोन, हातातला व्हीएचएफ रेडिओ, जास्तीचं संदेशयंत्र, फ्लेअर (इशाऱ्यासाठी पेटवायच्या नळ्या), पाणी. टॉमींची पिशवीही अशीच भरलेली होती. बोट उलटली तेव्हा ते उंचावरून खाली आदळले होते आणि मणक्यांना इजा झाली होती. चालता येत नव्हतं. पायाची बोटं हलत होती, पण बधिर वाटत होती. खाल्लेलं-प्यायलेलं पोटात ठरत नव्हतं. एका संदेशात त्यांनी कळवलं की पिशवीपर्यंत पोहोचणं कठीण आहे.

३२ फुटी बोट. आतली जागा आपल्या वन रूम किचनमधल्या किचनएवढी. पिशवी कुठेही असली तरी धडधाकट माणसाला दोन पावलांवरच. पण ज्याला उठताच येत नाही त्याला दोन पावलं म्हणजे दोन मैल. तिच्यातला रेडिओ शोधविमानाशी थेट बोलू शकला असता. त्या घडीला तो असून नसल्यासारखा होता. जगाशी धागा राहिला तो बिछान्यावरून हाताला येणाऱ्या संदेशयंत्राचा. शर्यतीच्या नियंत्रण कक्षाला छोटे छोटे मजकूर जात होते, उत्तरं येत होती.

ग्रॅब बॅगची सगळी कल्पनाच एका गृहीतावर उभी आहे: माणूस धड आहे आणि बोट बुडतेय. इथे उलटं घडलं. बोट तरंगत होती आणि माणूस मोडला होता. सुरक्षा-साहित्याच्या याद्या बनवताना आपण नेहमी पहिलं चित्र डोळ्यांसमोर ठेवतो. आमच्याकडे या प्रकरणानंतर एक सवय लावली: प्रत्येकाने बोटीच्या तळाशी पाठीवर आडवं व्हायचं, डोळे मिटायचे, आणि नुसता हात लांब करून काय काय सापडतं ते सांगायचं. पहिल्यांदा केलं तेव्हा माझ्या हाताला सापडलं ते एक फाटकं फडकं, बिस्किटांचा पुडा आणि कोणाची तरी चप्पल. टॉर्च डोक्यामागे खिळ्याला लटकत होता. वीतभर लांब.

आता शिट्टी, छोटा टॉर्च आणि पीएलबी अंगावर. बाकी सगळं पिशवीत. डोंगरात फिरणाऱ्यांनाही हेच लागू पडतं. सह्याद्रीत पावसाळ्यात पाय घसरून दरीत गेलेल्या माणसाची सॅक बहुतेक वेळा वरच्या झुडपात अडकलेली असते. शिट्टी सॅकच्या वरच्या कप्प्यात असेल तर ती सॅकबरोबरच राहिली. धुक्यात रंगाचा उपयोग शून्य. तिथे मिनिटाला सहा शिट्ट्या, मग मिनिटभर शांतता, पुन्हा सहा, ही डोंगरातली जगभर चालणारी खूण कामाला येते. ओरडून घसा तासाभरात बसतो, शिट्टीला फक्त श्वास लागतो.

दुसरा डोळा: विमानाचा

शोधाचं सूत्र ऑस्ट्रेलियाच्या सागरी सुरक्षा प्राधिकरणाच्या कॅनबेरातल्या केंद्राकडे होतं. पर्थहून ऑस्ट्रेलियाचं युद्धजहाज ‘बॅलारॅट’ निघालं. भारतीय नौदलाची ‘सातपुडा’ आणि तेलवाहू ‘ज्योती’ वळवण्यात आल्या. पण ही सगळी जहाजं दिवसांच्या अंतरावर. सगळ्यांत जवळ होतं फ्रान्सचं मासेमारी-गस्तीचं ‘ओझिरिस’. याच वादळात आयर्लंडच्या ग्रेगर मॅकगुकिन यांच्याही दोन्ही डोलकाठ्या गेल्या होत्या, तरी त्यांनी काठ्या-दोऱ्या जोडून कामचलाऊ शीड उभं केलं आणि टॉमींच्या दिशेने होडी वळवली. शर्यत वगैरे तिथेच संपली.

भारतीय नौदलाचं पी-८आय हे टेहळणी विमान मॉरिशसला आणून ठेवलं होतं. २३ सप्टेंबरला त्याला ‘तुरीया’ दिसली. डोलकाठी मोडून बाजूला लटकतेय, बोट भयंकर डोलतेय. आणि मग नौदलाच्या त्या दिवशीच्या निवेदनातला तो तपशील: विमान जवळ आल्यावर टॉमींनी ईपीआयआरबीवरून ‘पिंग’ देऊन उत्तर दिलं.

या एका पिंगचं मोल समजायला जानेवारी १९९७ मध्ये जावं लागतं. वांदे ग्लोब शर्यतीत ब्रिटनच्या टोनी बुलिमोर यांची बोट दक्षिण महासागरात कणा तुटून पालथी झाली. ऑस्ट्रेलियाच्या विमानाला तो उलटा सांगाडा दिसला. हाकही ऐकू येत होती. पण आत माणूस जिवंत आहे की नाही हे वरून कळायला मार्ग नव्हता. यंत्र हाक मारत राहतं, त्याला जिवंत माणूस लागत नाही. ऑस्ट्रेलियाचं ‘ॲडलेड’ जहाज तिथे पोहोचेपर्यंत चार दिवस गेले. छोट्या होडीतून गेलेल्या नौसैनिकांनी तळावर ठोकून पाहिलं, आणि बुलिमोर पाण्यात बुडी मारून बाहेर आले. तोवर अनेकांनी आशा सोडली होती.

वस्तू दिसणं आणि माणूस दिसणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ‘तुरीया’ दिसली ती तिच्या आकारामुळे आणि आधीच ठाऊक असलेल्या जागेमुळे. टॉमी दिसले ते त्या पिंगमुळे. ईपीआयआरबी हे काही गप्पा मारायचं यंत्र नाही. पण खटका चालू-बंद व्हायला हात लागतो. विमानाच्या आवाजाला त्या हाताने दिलेला प्रतिसाद म्हणजे ‘मी आहे, मी ऐकतोय’. बचाव पथकाला यावरून बरंच ठरवता येतं: माणूस शुद्धीवर आहे, स्ट्रेचर लागेल, पण घाईत धोका पत्करून उडी मारायची गरज नाही, हवामान थोडं उतरू देता येईल.

पांढऱ्यावर पांढरं

रंगाचा विचार इथे, आत्ता येतो. पहिल्या दोन डोळ्यांनी काम केल्यानंतर.

वाऱ्याने ६४ नॉट ओलांडले की खलाशांच्या ब्यूफोर्ट मापनात शेवटची, बारावी पायरी. त्या पायरीचं वर्णनच असं आहे की समुद्र फेसाने आणि तुषारांनी पूर्ण पांढरा होतो. पांढऱ्या बोटी, पांढरी शिडं, पांढरी छपरं यांची त्या पाण्यात काय अवस्था होत असेल याची कल्पना करा. निळं तर त्याहून वाईट. आपल्याकडे पावसाळ्यात सगळीकडे दिसते ती निळी ताडपत्री उन्हातल्या समुद्रात टाकली तर पन्नास पावलांवर ती पाण्याचाच भाग होते.

नारिंगी रंग समुद्रात निसर्गतः क्वचितच सापडतो, म्हणून तराफ्याची छपरं, लाइफ जॅकेटं नारिंगी. त्यातही साधा नारिंगी आणि फ्लोरोसंट नारिंगी यांत फरक आहे. फ्लोरोसंट कापड डोळ्यांना न दिसणारा अतिनील प्रकाश शोषून दिसणाऱ्या प्रकाशात परत देतं. त्यामुळे ढगाळ दिवशी, सांजवेळी ते भोवतालापेक्षा उजळ भासतं. मात्र सूर्य मावळला की खेळ खलास: रात्री ते काळंच. आणि उन्हात वर्षभर वाळवलेलं जॅकेट बघा, नारिंगीचा आंब्याच्या वडीसारखा फिका रंग झालेला असतो. ते जॅकेट तरंगवेल, दाखवणार नाही.

रात्रीसाठी परावर्तक पट्ट्या. त्यांचाही गैरसमज आहे. त्या स्वतः चमकत नाहीत. आलेला प्रकाश जिथून आला तिथेच परत पाठवतात. शोधणाऱ्याच्या डोळ्याशेजारी टॉर्च असेल तरच त्या पेटतात. किनाऱ्यावर उभं राहून, दुसऱ्याने बाजूने बॅटरी मारली तर तुम्हाला काहीच दिसत नाही.

फ्लेअरचं गणित तर वेळेचं आहे. पॅराशूट रॉकेट ३०० मीटर वर जाऊन सुमारे ४० सेकंद जळतं. हातातला लाल फ्लेअर मिनिटभर. नारिंगी धूर तीन मिनिटं, तोही दिवसा आणि वारा फार नसेल तर. विमानाचा आवाज आला की घाबरून पहिल्या दोन मिनिटांत सगळे फ्लेअर उडवून टाकणारे कमी नाहीत. विमान समोरून येत असेल तर ठीक, पाठमोरं असेल तर ती दिवाळी कोणासाठी?

आरसा मात्र संपत नाही. ऊन असेल तर तळहाताएवढा आरसा मैलोगणती दिसतो. एक हात पुढे करून दोन बोटांच्या बेचक्यात विमान धरायचं, दुसऱ्या हातातल्या आरशाचा कवडसा आधी त्या बोटांवर आणायचा, मग हळूहळू हलवायचा. जुनी सीडीही चालते, मधल्या भोकातून नेम धरता येतो. मुलांना हे शिकवायला दोन मिनिटं लागतात आणि मग दिवसभर ती एकमेकांच्या डोळ्यांत कवडसे मारत बसतात.

नारळ

मांडव्याच्या बाहेर, शांत दिवशी, आम्ही सोललेला नारळ पाण्यात टाकतो. माणसाचं डोकं पाण्याबाहेर राहतं ते साधारण तेवढंच. नियम एकच: एकाने नारळाकडे हाताचं बोट दाखवत राहायचं. त्याने दोऱ्या ओढायच्या नाहीत, बोलायचं नाही, मागे बघायचं नाही. हात नारळाकडे रोखलेला.

मागच्या हंगामात हे काम एका कॉलेजच्या मुलीकडे होतं. वळण घेताना शिडाचा बूम, म्हणजे खालची आडवी काठी, समोर आला, तिने डोकं वाकवलं, अर्ध्या सेकंदासाठी. वर आली तेव्हा हात तसाच रोखलेला होता, पण नजर भिरभिरत होती.

“सर, इथेच होता.”

सुकाणूवरचे नाखवा हसले. “नारळी पौर्णिमेला सोडतो तोही इथेच असतो, बाई. तो काय परत दिसतो काय?”

लाटा हाताएवढ्या होत्या. आम्ही जेमतेम शंभर मीटर दूर असू. तो नारळ काही त्या दिवशी सापडला नाही. चौदा मीटरच्या लाटांत काय होत असेल, हे त्या मुलीला त्यानंतर सांगावं लागलं नाही.

पाण्याबाहेर मीटरभर उंचीवर डोळे असलेल्या माणसाला क्षितिज साडेतीन किलोमीटरवर दिसतं. जहाज जिथून हाकतात त्या वरच्या ब्रिजवर, दहा मीटरवर, अकराएक किलोमीटर. कागदावर हे आकडे चांगले वाटतात. मधे लाट उभी राहिली की दोघांच्याही हिशेबातून दुसरा गायब. शिवाय उंच शीड खालून दुरूनच दिसतं, पण शिडाखालच्या माणसाला तराफा दिसत नाही. म्हणजे बुडणाऱ्याला वाचवणारा आधी दिसतो. त्याला वाटतं, मला दिसतंय म्हणजे त्यालाही दिसत असणार. दिसत नसतं.

तिसरा डोळा, आणि नंतर

‘ओझिरिस’ २४ सप्टेंबरला पोहोचलं तेव्हा समुद्र बराच निवला होता. रबरी होड्यांतून माणसं ‘तुरीया’वर गेली, टॉमींना स्ट्रेचरवर बांधून बाहेर काढलं. काही तासांनी त्यांनीच मॅकगुकिन यांनाही उचललं. टॉमींना ॲमस्टरडॅम बेटावर नेलं. हे नेदरलँड्समधलं नव्हे, हिंदी महासागरातलं फ्रेंचांचं, जेमतेम संशोधन केंद्र आणि छोटं रुग्णालय असलेलं बेट. तिथून ‘सातपुडा’ने त्यांना विशाखापट्टणमला आणलं. पाठीत टायटॅनियमच्या सळ्या बसवाव्या लागल्या.

आपल्या किनाऱ्यावर अशी यंत्रं किती होड्यांवर असतात, हा प्रश्न मला प्रत्येक वेळी विचारला जातो. इस्रोने मच्छीमारांसाठी ‘डॅट’ नावाचं स्वस्त संकटयंत्र २०१० पासून आणलं, २०२४ पर्यंत अशी वीस हजारांहून जास्त यंत्रं वापरात आली होती. पहिल्या पिढीच्या डॅटची एक अडचण होती, आणि ती तांत्रिकपेक्षा माणसाची जास्त: बटण दाबलं, पण हाक पोहोचली का हे कळायचं नाही. रात्री वादळात बटण दाबून वाट बघणाऱ्या तांडेलाला ते यंत्र मुकंच वाटणार. २०२४ च्या सुरुवातीला आलेल्या दुसऱ्या पिढीत ‘नाविक’ या भारताच्या दिशादर्शक उपग्रहांमार्फत पोहोच परत येते. माझ्या मते यंत्राच्या ताकदीपेक्षाही ती पोहोच मोठी आहे. कोणी पाहिलंय हे कळल्यावर माणूस जागेवर थांबतो, बोट सोडून उडी मारत नाही. आणि तरंगणारी बोट पाण्यातल्या डोक्यापेक्षा कितीतरी सहज सापडते.

२०२२ मध्ये पुढची गोल्डन ग्लोब शर्यत झाली. टॉमी पुन्हा उतरले, ‘बयानात’ नावाची बोट घेऊन, पाठीतल्या सळ्यांसह. १८ नोव्हेंबरला सकाळी दक्षिण आफ्रिकेच्या पोर्ट एलिझाबेथपासून सुमारे ४५० मैलांवर फिनलंडचे तापिओ लेह्तिनेन यांची ‘अस्टेरिया’ मागच्या बाजूने पाणी शिरून पाचेक मिनिटांत बुडाली. लेह्तिनेन तराफ्यात. ईपीआयआरबी बोलू लागला. सगळ्यांत जवळ होत्या दक्षिण आफ्रिकेच्या किर्स्टन नॉयशेफर, शंभरेक मैलांवर. त्यांच्यानंतर जवळ कोण? १७० मैलांवर अभिलाष टॉमी. नियंत्रण कक्षाचा निरोप आला आणि त्यांनीही बोट वळवली.

दुसऱ्या दिवशी सकाळी किर्स्टन त्या जागी पोहोचल्या. जागा माहीत होती, दिवस होता, तराफ्यावर रंगीत छप्पर होतं. तरी तीन मीटरच्या लाटांत तराफा दिसेना. तराफ्यातून लेह्तिनेन यांना मात्र शीड स्पष्ट दिसत होतं. हातातल्या व्हीएचएफवरून ते सांगत गेले आणि किर्स्टन त्या आवाजामागे वळत गेल्या, तराफा शेजारी येईपर्यंत. मग ‘दर्या गायत्री’ नावाचं मालवाहू जहाज आलं, लेह्तिनेन त्यावर चढले. टॉमींना पुन्हा निरोप गेला: आता यायची गरज नाही. त्यांनी सुकाणू फिरवलं आणि पूर्वेकडे निघाले.